पाटीवरची पहिली ओळ

किस्से मुद्दाम गोळा करावे लागत नाहीत. चार माणसं जमली आणि त्या चौघांना एकच गोष्ट धड कळत नसली, की किस्से आपोआप साठतात. आम्ही तर अठरा जण होतो! आणि सात वर्षं एक असा खेळ खेळलो, ज्याचे नियम आमच्यापैकी एकालाही पूर्ण कळले नाहीत. आजही आमच्यातले दोघे आगाशीच्या बाजारात समोरासमोर आले, की एक म्हणतो, "आठवतं का रे?" दुसरा म्हणतो, "आठवतं. पण तो गोल होता का?" झालं! भाजी राहते बाजूला.

खेळ म्हणजे ऑस्ट्रेलियन फुटबॉल. हसू नका. नव्वदच्या दशकाची अखेर होती. वसईपासून विरारपर्यंत पोरं क्रिकेट खेळत होती, आणि राजोडीच्या समुद्रावर ओहोटीच्या ओल्या वाळूत आम्ही नऊ गिरीजचे आणि नऊ आगाशीचे पपईएवढ्या लाल बॉलच्या मागे धावत होतो. येणारे-जाणारे थांबून बघायचे. एकाने तर मला विचारलं, "दादा, भांडण कशावरून झालं?"

हे सगळं आमच्या गळ्यात घातलं इनास अंकलनी. अंकल गिरीजचे. बावीस वर्षं मेलबर्नला बिस्किटांच्या कारखान्यात काढली आणि मुलं तिकडेच ठेवून बायकोला, म्हणजे मार्ता आंटीला, घेऊन आपल्या केळीच्या वाडीत परत आले. लोक तिकडून टीव्ही आणतात, परफ्यूम आणतात. अंकलनी आणला एक बॉल आणि नियमांचं एक पुस्तक. पुस्तकाची शेवटची पानं वाळवीने पहिल्याच पावसाळ्यात खाल्ली, त्यामुळे पुढचे सगळे नियम अंकलच्या डोक्यात आणि आमच्या गोंधळात राहिले.

तुम्हाला दोनच नियम सांगतो, बाकीचे मलाही नीट येत नाहीत. प्रत्येक टोकाला चार बांबू. मधले दोन उंच, त्यांच्या बाजूला एकेक बुटका. बॉल लाथेने उंच बांबूंच्या मधून गेला तर गोल, सहा पॉइंट. बाजूच्या फटीतून गेला, म्हणजे नेम चुकला, तर एक पॉइंट.

पहिल्या दिवशी गिरीजचा विल्सन हात वर करून म्हणाला, "अंकल, म्हणजे चुकलं तरी एक?"

"हो."

"आमच्या बोर्डाने हा नियम लावला असता ना, तर मी आज ग्रॅज्युएट असतो!"

दुसरा नियम बाजू बदलण्याचा. खेळाचे चार क्वार्टर, आणि दर क्वार्टरनंतर दोन्ही टीमनी टोकं बदलायची. पण आमचं मैदान समुद्राचं. अंकल स्वतः पक्के कॅथलिक, तरी मॅच ठरवायला मला विचारायचे, "हरी, रविवारी तिथी कोणती?" कारण भरती-ओहोटी तिथीवर. तिसरा क्वार्टर संपेपर्यंत पाणी परत फिरलेलं असायचं. मग बाजू बदलायला वेळ कुठला? शिट्टी वाजली, की आम्ही आहोत तिथूनच चौथा क्वार्टर सुरू करायचो. अंकल काठावर खुर्ची टाकून बसलेले असायचे. ते दर वेळी उठून ओरडायचे, "बाजू बदला रे! चौथ्याला बाजू बदलतात!" आणि दर वेळी कुणीतरी ओरडायचं, "अंकल, पाणी आलं!" सात वर्षं हे चाललं. ना अंकलनी ऐकलं, ना आम्ही.

मी स्कोरर. सरकारी नोकरी, शांत टेबल आणि बरं अक्षर, एवढीच माझी लायकी.

*

आता पाटीचं सांगायला हवं, नाहीतर पुढचं काही कळायचं नाही.

अंकल म्हणायचे, तिकडे सगळ्यात मोठा मान कुणाला, माहितीये? शंभर गोल मारणाऱ्याला नाही. पहिल्या मॅचमध्ये पहिल्याच किकला जो गोल मारतो, त्याला. त्यांची यादी वेगळी ठेवतात. म्हणून अंकलनी घराच्या ओट्यावर एक काळी पाटी टांगली. ज्याची पहिली किक गोल, त्याचं नाव अंकल स्वतः लाल ऑइलपेंटने लिहिणार, नावापुढे '६' हा आकडा, आणि त्या संध्याकाळी मार्ता आंटीच्या हातचे फुगे, म्हणजे वसईकडचे तळलेले गोल पाव, आणि मटण.

"अंकल, पाटीवर सगळेच सहावाले. मग सहा कशाला लिहायचं?" मी एकदा विचारलं.

"लिहावं लागतं," अंकल म्हणाले. बस! पुढे चर्चा नाही.

पण पाटीची पहिली ओळ कोरी होती. पहिलं नाव अंकलनी दुसऱ्या ओळीत लिहिलं. आम्हाला वाटलं, वर देवाचं नाव येणार असेल. शेवटी आंटींनीच फोडलं. मेलबर्नला कारखान्याच्या टीममध्ये अंकलचं नाव होतं, पण दोन सीझन त्यांना बाहेरच बसवलं. मधल्या सुट्टीत टीमला संत्री लागायची, ती हे कापून द्यायचे. एकदाही मैदानात पाय ठेवायला मिळाला नाही.

"मग इथे खेळा ना अंकल!"

"गुडघा," अंकल म्हणाले.

"गुडघा कसला, घाबरतात!" आंटी आतून म्हणाल्या. "पहिली किक एकदाच मिळते म्हणतात. मारली नाही तोवर ती चुकत नाही ना!"

 अंकलनी पाटीवरची धूळ पुसली, त्या कोऱ्या ओळीवरचीसुद्धा. मला त्या दिवशी फार वाईट वाटलं, खरं सांगतो.

*

पाटीवरचं पहिलं नाव कुणाचं, सांगा बघू? आमच्यापैकी एकाचंही नाही!

दुसरीच मॅच असेल. वाळूत एका बाजूला राजोडीच्या धाकू तांडेलांची जाळी पसरलेली होती आणि ते स्वतः जाळं शिवत बसले होते. आमचा बॉल सारखा त्यांच्या जाळ्यात. एकदा गेला, त्यांनी बघितलं. दुसऱ्यांदा गेला, त्यांनी सुई खाली ठेवली. तिसऱ्यांदा गेला तेव्हा ते उठले.

"कोनाचा बॉल हाये ह्यो? मानसं कामाला बसलीत, दिसत नाय?" आणि घातली लाथ! अशी लाथ मी जन्मात पाहिली नाही. बॉल आमच्या सगळ्यांच्या डोक्यावरून गेला आणि गिरीजच्या बाजूच्या उंच बांबूंच्या बरोब्बर मधून पार!

 अंकल खुर्चीतून उभे राहिले. "गोल!"

"अंकल, ते खेळत नाहीयेत!"

"मैदानात होते की नाही?"

"जाळं शिवत होते!"

"ते त्यांचं त्यांना. पहिली मॅच, पहिली किक. गोल आगाशीला!"

धाकूकाकांना काही समजेना. त्यांना वाटलं, आपण काहीतरी फोडलं आणि आता भरपाई मागणार. संध्याकाळी त्यांना अंकलच्या ओट्यावर घेऊन गेलो, तेव्हा ते दारातच थांबून म्हणाले, "माझी चूक झाली. पर सुरुवात तुमच्या पोरांनी केली." आंटींनी फुग्यांचं ताट हातात दिलं तेव्हा बिचारे आणखीच घाबरले. जेवताना मला हळूच म्हणाले, "एवढी लाथ मारल्यावर जेवायला घालतात, मग दोनदा मारली असती तर काय केलं असतं रं?"

ते परत कधी खेळले नाहीत. एक मॅच, एक किक, एक गोल. अंकल म्हणायचे, असा रेकॉर्ड मेलबर्नमध्येसुद्धा सापडणं कठीण. मला त्यातलं काहीच कळलं नाही, पण मी रजिस्टरमध्ये लिहिलं.

*

देशमुख मूळचा साताऱ्याचा, बँकेत होता. विरारला नवीन फ्लॅट घेतलेला. आयुष्यभर क्रिकेट. त्याला आगाशीच्या टीममध्ये घेतलं कारण उंची सहा फूट आणि हात फळीसारखे.

या खेळात समोरच्याने मारलेला बॉल हवेत झेलला, की खेळ तुमच्यासाठी थांबतो. मग आरामात मागे जाऊन किक मारायची. देशमुखला हे आम्ही तीनदा समजावलं. तो तिन्ही वेळा "येस, येस" म्हणाला.

मॅच सुरू झाली आणि पाचव्या मिनिटाला गिरीजचा बॉल उंच उडाला. देशमुख धावला, उडी मारली आणि एका हाताने काय झेल घेतला म्हणता! समुद्रावर फिरायला आलेल्या मंडळींनीसुद्धा टाळ्या वाजवल्या. देशमुखने आनंदाने बॉल आकाशात भिरकावला, दोन्ही हात पसरले आणि आपल्या टीमकडे मिठ्या मारायला धावत सुटला.

बॉल खाली आला तो गिरीजच्या मेल्विनच्या हातात. मेल्विनचीही ती पहिलीच मॅच. तो गोंधळून इकडे तिकडे बघत होता. विल्सन ओरडला, "मार रे!" त्याने मारला. गोल! पहिली मॅच, पहिली किक, मेल्विन पाटीवर.

इकडे आगाशीची अख्खी टीम डोक्याला हात लावून बसलेली, आणि देशमुख एकेकाला उठवून मिठी मारतोय. शेवटी धापा टाकत माझ्याकडे आला, रजिस्टरमध्ये डोकावला आणि विचारलं, "कॅच माझ्या नावावर लिहिलास ना? आणि तो कितीवर आउट झाला?"

*

काशिनाथदादांचा किस्सा सांगितल्याशिवाय आमच्याकडे कुणाला उठू देत नाहीत.

काशिनाथदादा आगाशीच्या एका डॉक्टरांकडे कंपाउंडर. आमचे गोल अंपायर. गोल अंपायरने बांबूंच्या मागे पांढरा कोट घालून उभं राहायचं. गोल झाला तर दोन झेंडे हलवायचे, एक पॉइंट असेल तर एक झेंडा. माणूस इतका काटेकोर, की औषधाचा एक थेंब जास्त पडला तर बाटली परत मोजणार. कोट अर्थातच डॉक्टरांचा.

एकदा डॉक्टरांनाच हुक्की आली. "काशिनाथ, या रविवारी मी खेळणार." पन्नाशीचा माणूस, हाफ पँट घालून आला. आणि नशीब बघा, पहिलाच बॉल पायाशी आला. डॉक्टरांनी मारला. उंच बांबूंच्या मधून सरळ पार! सगळ्यांनी बघितलं. डॉक्टर हात वर करून नाचायला लागले.

काशिनाथदादांनी एक झेंडा वर केला.

"काशिनाथ! दुसरा?"

"नाही साहेब. समोरच्याचं बोट लागलं बॉलला. बोट लागलं की एकच."

बांबूसमोर उभा होता गिरीजचा सिल्वेस्टर. त्याला विचारलं. तो म्हणाला, "छे! मला काही लागलं नाही." तरी दादा हलेनात. डॉक्टर लालबुंद. तिथेच हात पुढे करून म्हणाले, "माझा कोट दे." दादांनी कोट काढला, व्यवस्थित घडी घातली, दिला, आणि उरलेली मॅच बनियनवर उभे राहिले. झेंडे मात्र सोडले नाहीत.

दोन दिवस दवाखान्यात कुणी कुणाशी बोललं नाही. पेशंटसुद्धा कुजबुजत बोलायचे. तिसऱ्या दिवशी सिल्वेस्टर आत आला. डॉक्टरांच्या समोर बसला आणि उजवा हात टेबलावर ठेवला.

"डॉक्टर, रविवारपासून हे बोट सुजलंय हो."

डॉक्टरांनी बोट बघितलं. मग दाराबाहेर स्टुलावर बसलेल्या काशिनाथदादांकडे बघितलं. उठले, खुंटीवरचा कोट काढला आणि त्यांच्या मांडीवर ठेवला.

सिल्वेस्टरला मात्र त्या दिवशी इंजेक्शन कंबरेत दिलं. बोटासाठी कंबरेत का, हे त्याला अजून कळलेलं नाही!

*

याच सिल्वेस्टरचं पुढचं रामायण, त्याच्या मेहुण्याबरोबरचं. विल्सन, तोच ग्रॅज्युएट न झालेला, एवढे दिवस नुसता बॉल हाताने पुढे देत होता, अंकलसारखाच किक मारायला घाबरत होता. सिल्वेस्टरचंही तेच. विल्सनची बहीण लीना सिल्वेस्टरला दिलेली. एका मॅचला बॉल बांबूंसमोर घरंगळत आला, दोघे दोन बाजूंनी धावले आणि दोघांचे बूट एकाच वेळी बॉलवर बसले. गोल!

कुणाचा?

विल्सन म्हणाला माझा. सिल्वेस्टर म्हणाला माझा. काशिनाथदादा म्हणाले, "दोन झेंडे दाखवले. पाय मोजणं माझं काम नाही." मी रजिस्टर बंद केलं. अंकलनी तीन दिवस विचार केला आणि शेवटी मेलबर्नला मोठ्या मुलाला पत्र लिहिलं, तिकडच्या जाणकारांना विचार म्हणून.

दीड महिना उत्तर नाही. तोवर इकडे लीनाचे हाल. माहेरी गेली, की भाऊ विचारायचा, "तू कुणाच्या बाजूने?" सासरी आली, की नवरा विचारायचा. रविवारी चर्चमध्ये मिस्सेला दोघे दोन टोकांच्या बाकांवर बसायचे आणि ती मधल्या बाकावर एकटी.

शेवटी पत्र आलं. आत मुलाच्या नव्या घराचा फोटो आणि दोन ओळी. "पप्पा, इथे असं कुणी विचारत नाही. तुम्ही दोघं आता इकडे या." अंकलनी पत्र दोनदा वाचलं, घडी करून खिशात ठेवलं आणि रंगाचा डबा उघडला. आम्ही सगळे ओट्यावर उभे. विल्सन आणि सिल्वेस्टर दोन खांबांना टेकून.

अंकलनी लिहिलं: लीना, ६.

"अंकल! ती तर मैदानातसुद्धा नव्हती!"

"गोल घरातच राहिला ना?" अंकल म्हणाले. "चला, जेवायला बसा."

लीना रडली, मग हसली, मग पहिल्या पंगतीला बसली. फुगे तिलाच सगळ्यात जास्त वाढले.

*

आता शेवटचा.

त्या पत्रानंतर दोन वर्षांनी अंकलचे कागद झाले. मुलांनी तिकिटं पाठवली. मंगळवारी निघायचं होतं, रविवारी शेवटची मॅच. शनिवारी आम्ही दोन्ही टीमवाले ओट्यावर जमलो आणि म्हणालो, "अंकल, उद्या तुम्ही खेळायचं."

"गुडघा."

"जा हो आता!" आंटी म्हणाल्या. "नाहीतर तिकडे जाऊन उरलेलं आयुष्य मलाच ऐकवाल."

अंकलनी पाटीकडे बघितलं. मग म्हणाले, "शेवटचा एकच क्वार्टर खेळेन. पण दया नको. कुणी मुद्दाम बॉल सोडला, तर मी तिथूनच घरी जाईन." आगाशीचा कॅप्टन आता देशमुख होता. त्याने गळ्याची शपथ घेतली.

रविवारी अंकल कारखान्याची ती बिनबाह्यांची पट्ट्यापट्ट्यांची जर्सी घालून आले. इतकी वर्षं पेटीत होती, अंगाला कधी लागलेली नव्हती. पोट बाहेर, पाय काटकुळे. आम्हाला हसू यायला हवं होतं, पण कुणी हसलं नाही.

तीन क्वार्टर झाले. माझ्या रजिस्टरमध्ये दोन्ही टीमचा स्कोर बरोबर सारखा. शिट्टी वाजली, पाणी आलंच होतं, आणि आम्ही नेहमीप्रमाणे आहोत तिथूनच चौथा क्वार्टर सुरू केला. अंकलनी चष्मा काढून आंटींकडे दिला आणि मैदानात उतरले. सरळ चालत जाऊन दक्षिणेच्या टोकाला, काशिनाथदादांच्या बांबूंसमोर उभे राहिले.

ते टोक गिरीजने राखायचं होतं. आम्हाला वाटलं, वय झालंय, मागेच बरे. कुणाला काही खटकलं नाही. मलाही नाही!

पाणी घोट्याला लागलं. पाच मिनिटं उरली, तीन उरली, स्कोर तसाच सारखा. आगाशीच्या कुणीतरी जीव खाऊन बॉल उंच मारला. तो थेट अंकलवर उतरायला लागला. देशमुख धावला, शपथेला जागून उडी मारली, पण अंकलनी त्याच्या खांद्याला खेटून बॉल छातीशी धरला. झेल! साठी उलटलेल्या माणसाने! दोन्ही टीम ओरडल्या. काठावर आंटींनी डोळे मिटून क्रूसाची खूण केली.

"अंकल, मारा! लांब मारा!" विल्सन ओरडला.

अंकल वळले. शांतपणे आठ पावलं मागे आले. तेव्हा आमच्या लक्षात आलं, की त्यांचं तोंड काशिनाथदादांकडे आहे. सात वर्षं जो नियम ते ओरडून सांगत होते, तो त्यांनी एकट्याने पाळला होता. पुस्तकाप्रमाणे चौथ्या क्वार्टरला गिरीजने गोल दक्षिणेलाच मारायचा! अख्ख्या मैदानात एका माणसाने बाजू बदलली होती.

"अंकल, थां..." विल्सनचा शब्द तोंडातच राहिला.

अंकलनी मारला. बॉल गरगरत वर गेला आणि उंच बांबूंच्या अगदी मधून, जराही न डगमगता पार झाला. याहून सुंदर किक त्या समुद्रावर कुणी मारली नाही. आणि शिट्टी वाजली. मॅच संपली.

आता आपल्याच बांबूंतून बॉल घालवला, तर समोरच्या टीमला एक पॉइंट. सहा नाही, एक. म्हणजे अंकलच्या पहिल्या किकने आगाशी एका पॉइंटने जिंकली.

काशिनाथदादांनी माझ्याकडे बघितलं. मी मान खाली घातली. त्यांनी एक झेंडा वर केला आणि हलवला, हलवतच राहिले. अंकलना चष्म्याशिवाय फक्त काहीतरी पांढरं फडफडताना दिसत होतं. त्यांनी दोन्ही हात आकाशाकडे केले आणि पाण्यातून धावत सुटले.

मग जे झालं ते कुणी ठरवलेलं नव्हतं. विल्सनने पळत जाऊन अंकलना उचललं. हरलेले गिरीजवाले नाचायला लागले! आणि जिंकलेला देशमुख मटकन पाण्यात बसला, डोकं धरून म्हणाला, "गेली रे मॅच!" त्याच्यामागे आगाशीचे आठही जण तोंडं पाडून उभे. फिरायला आलेला एक माणूस माझ्याजवळ येऊन म्हणाला, "कोण जिंकलं?" मी म्हणालो, "मलाही विचारायचंय."

घरी जाताना अंकलनी काशिनाथदादांच्या खांद्यावर हात ठेवला. "काशिनाथ, दोन्ही वर केलेस ना?"

"अंकल, जेवढे करायचे तेवढे केले."

मला म्हणाले, "हरी, रजिस्टर बघू."

"भिजलं, अंकल." ते माझ्या शर्टाच्या आत कोरडं ठणठणीत होतं.

फुगे झाले, मटण झालं. धाकूकाकासुद्धा आले होते. सगळे म्हणाले, "अंकल, आता लिहा नाव!" अंकलनी ब्रश हातात घेतला आणि परत ठेवला. "उद्या लिहितो. आज हात थरथरतोय." मंगळवारी पहाटे त्यांना गाडीत बसवताना आम्ही अठराही जण होतो. रडलो, त्यात लपवण्यासारखं काय आहे? घराची किल्ली अंकलनी माझ्याकडे दिली.

संध्याकाळी मी आणि काशिनाथदादा वाडीचा पंप बंद करायला गेलो. ओट्यावर ऑइलपेंटचा वास होता. पाटीवर धाकू तांडेल, ६. मेल्विन, ६. लीना, ६. सगळी नावं होती तिथेच होती.

दादा म्हणाले, "तू सांगितलंस?"

"मी नाही. तुम्ही?"

"मी कशाला सांगू?"

पहिली ओळ भरलेली होती. अंकलचंच अक्षर, हात कुठेही थरथरलेला नाही.

इनास, १.